चिन्हवाल्यांच्या गिल्डमधला मधला दर्जा सपक का होतो

भावा, आधी तुझा प्रश्न दोन ओळीत परत मांडतो, म्हंजे मागाहून वाचणाऱ्यालाही कळेल. तुझ्या टेबलटॉप खेळात, म्हंजे टेबलाभोवती बसून फाशांवर गोष्ट खेळायची त्यात, जादूच्या चिन्हांचा अभ्यास करणाऱ्यांचं एक गिल्ड, म्हंजे संघ, आहे. खाली शिकाऊ, वर आचार्य, आणि मधे एक दर्जा ज्याला तुला अजून नाव पण सापडलेलं नाही. शिकाऊ खेळायला पोरांना मजा येते, आचार्य तर सगळ्यांनाच व्हायचंय, पण मधल्यात पोचलं की तोंडं पडतात, "+१ मिळाला, बरं, पुढं काय?" म्हणतात. तर या मधल्याला द्यायचं काय, असं तू विचारलंयस.

मी कोल्हापुरात चौदा वर्षं रविवारी डीएम, म्हंजे खेळ चालवणारा, म्हणून बसतोय आणि पोटापाण्याला मोडी वाचतो. लोक घरातल्या ट्रंकेतली कागदं घेऊन येतात, वतनाची, इनामाची, वाटणीची, आणि मी लिप्यंतर करून देतो. त्यामुळं चिन्हवाल्यांचं गिल्ड म्हटलं की मला झगे आणि दाढ्या दिसत नाहीत, मला धूळ खाल्लेला कागदांचा रुमाल दिसतो आणि त्याची गाठ सोडणारा माणूस दिसतो. उत्तर लांबणार आहे, चहा घेऊन बस.

तुझी गडबड एकाच जागी झालीय. मधला म्हंजे अर्धा आचार्य असं तू धरलंयस. शिकाऊला ३० मार्क, आचार्याला ९०, मग मधल्याला ६०. असं केलं की तो दर्जा वेटिंग रूम होतो, गाडी येईपर्यंत बसायचं तिथं. तालमीत कधी गेला असशील तर आठव. नवीन पोरगं हौदा खणतं, माती उकरतं, पाणी मारतं, आणि वस्ताद काठावर बसून बघतो, चुकलं की तिथनंच ओरडतो. मग त्या बारक्याला मातीत घेतं कोण? वस्ताद नाही घेत, त्याचे गुडघे गेलेले असतात. घेतो तो मधला. स्वतःचा जोर निम्मा ठेवून खेळतो, बारक्याचं कोपर बरगडीत खातो, कधी मुद्दाम पडतो म्हंजे पोराला डाव लागल्याचं कळावं. हे काम बारक्याला झेपत नाही आणि वस्ताद करत नाही. मधले पैलवान उद्या निघून गेले तर वस्ताद कितीबी भारी असला तरी ती तालीम सहा महिन्यात बंद पडते. तुझ्या गिल्डमधे असं काम शोध जे फक्त मधलाच करतो, पॉवर किती द्यायची ते मागाहून बघता येतं.

आता ते काम कुठलं, तर त्याचं उत्तर आपल्याच भाषेत पडलंय. शिक्कामोर्तब हा शब्द आपण एक म्हणून वापरतो, पेपरात तर रोज कुणाच्या ना कुणाच्या नावावर शिक्कामोर्तब होत असतं, पण त्या दोन वेगळ्या वस्तू आहेत. शिक्का कागदाच्या डोक्यावर, की हा हुकूम कुणाचा आहे, याच्यामागं ताकद कुणाची आहे. मोर्तब कागदाच्या शेवटी, की मजकूर इथं संपला, याच्याखाली आता एक अक्षर वाढवायचं नाही. शिवाजी महाराजांची "प्रतिपच्चंद्रलेखेव" वाली मुद्रा सगळ्यांना पाठ असते, पण पत्राच्या शेवटी उमटवायची छोटी मुद्रा वेगळी होती, तिच्यावर "मर्यादेयं विराजते" एवढंच. मर्यादा इथं शोभते. मला विचारशील तर जादूचं चिन्ह म्हणून ही दुसरी मुद्रा पहिलीपेक्षा भारी आहे, कारण ती काही सुरू करत नाही, ती थांबवते. शिवाय कागद लांब असला की एकाखाली एक तुकडे चिकटवलेले असायचे आणि त्या जोडावर मागनं शिक्का मारायचे, म्हंजे मधला तुकडा काढून दुसरा घुसवला तर शिक्का जुळणार नाही.

म्हंजे बघ, सुरुवातीला पहारा, शेवटाला पहारा, जोडावर पहारा. आणि मधल्या मजकुराला? काही नाही. तो लिहिणाऱ्याच्या आणि वाचणाऱ्याच्या भरवशावर. "ध चा मा" हे त्याचंच प्रकरण. नारायणराव पेशव्यांचा खून ३० ऑगस्ट १७७३ ला शनिवारवाड्यात झाला, ही नोंद आहे. राघोबांच्या पत्रातल्या "धरावे" चं आनंदीबाईंनी "मारावे" केलं ही झाली सांगोवांगी, खरंखोटं काय ते इतिहासवाले बघतील. पण ती गोष्ट अडीचशे वर्षं टिकली का? कारण प्रत्येकाला पोटातनं माहितीय की पत्राचा शिक्का अस्सल, मोर्तब अस्सल, आणि मधल्या एका अक्षरात माणूस मरू शकतो. जादूच्या चिन्हांच्या खेळाला याच्याहून चांगला प्लॉट मी तुला काय देणार.

तर माझ्या टेबलवर असं चालतं. शिकाऊ फक्त उतरवून घेतो, नक्कल करतो. आचार्य शिक्का घालतो, म्हंजे निजलेलं चिन्ह उघडतो, त्याला जागं करतो. आणि मधला मोर्तब करतो. कुणी उघडलेलं, उघडून सोडून दिलेलं, अर्धवट पेटलेलं, शंभर वर्षं धुमसत राहिलेलं चिन्ह तो बंद करतो. उघडायचा हक्क त्याला नाही. आता तू म्हणशील हे तर आणखीनच कमी झालं की. नाही. एकदा चालवून बघ. उघडणं एका झटक्यात होतं, बंद करायला मात्र सगळं चिन्ह पहिल्यापासनं शेवटपर्यंत वाचावं लागतं, कुठं तुटलंय, कुणी मधे काय घुसवलंय, कुठल्या हातानं लिहिलंय ते ओळखावं लागतं. आचार्य लोक उघडून मोकळे होतात, त्यांचं नाव होतं, आणि मागनं गावागावात फिरून त्यांचा पसारा आवरतो तो मधला. एका बैठकीत प्लेअरना कळतं की गिल्डला लोक घाबरतात ते आचार्यांमुळं, आणि दारात उभं करून पाणी विचारतात ते मधल्यांमुळं.

नियमाचं बोलतो थोडं, कारण तू डंजन्स अँड ड्रॅगन्सची पाचवी आवृत्ती चालवतोयस. बुकाप्रमाणं ५ व्या लेव्हलला विझार्डला तिसऱ्या पातळीचे मंत्र मिळतात, आणि त्यातच ग्लिफ ऑफ वॉर्डिंग, म्हंजे पहाऱ्याचं चिन्ह काढायचा मंत्र, येतं. एक तास लागतो, २०० सोन्याच्या नाण्यांची हिऱ्याची पूड वगैरे जाते, आणि ज्या वस्तूवर काढलंय ती १० फुटांपेक्षा जास्त हलवली की चिन्ह मोडतं. म्हंजे बुकाच्या हिशोबानं तुझा मधला ५ ते १० लेव्हलच्या पट्ट्यात बसतो आणि तो उघडू शकतो. मी काय केलंय, ग्लिफ दोन माणसांचं काम केलंय. शिक्का एकाचा, मोर्तब दुसऱ्याचा. मोर्तबाशिवाय उघडलेलं चिन्ह चालतं, पण ते कुठं थांबायचं हे त्याला कुणी सांगितलेलं नसतं. एवढ्या एका वाक्यावर आमचं दीड वर्षाचं कॅम्पेन गेलं. बंद करायचा डीसी, म्हंजे फाशावर गाठायचा आकडा, १५ ठेव, चिन्ह आधी मोठ्यानं वाचून काढलं असेल तर अॅडव्हांटेज दे, म्हंजे फासा दोनदा टाकून मोठा आकडा घ्यायचा, आणि ते १० फुटांचं लक्षात ठेव, कारण प्लेअर लगेच म्हणतात दगडच उचलून नेऊया की. नेऊ दे. मोर्तब नसलेलं चिन्ह हलवल्यावर मोडत नाही, ते सांडतं.

आता दुसरी गोष्ट, आणि माझ्या मते हाच त्या दर्जाचा जीव आहे. रिकामी जागा सोडायचा हक्क.

हे कुठनं शिकलो ते सांगतो. मोडी शिकून चार वर्षं झाली होती तेव्हा, म्हंजे माझा स्वतःचा मधला दर्जा चालू होता म्हण. हात बऱ्यापैकी बसला होता, चिटणिशी वळण, म्हंजे मोडीतली एक लिहायची ढब, सरळ वाचायचो, आणि डोक्यात हवा. दोन भावांच्या घराण्याचा वाद, आणि एक कागद आला ज्याच्यात साल महत्त्वाचं होतं. जुन्या मराठी कागदात साल बऱ्याचदा सुहूर सनात असतं, तेबी आकड्यात नाही, अरबी शब्दात. इहिदे म्हंजे एक, सबैन म्हंजे सत्तर, मया म्हंजे शंभर, अलफ म्हंजे हजार. "इहिदे सबैन मया व अलफ" असं लिहिलं की झालं ११७१, त्यात ५९९ किंवा ६०० मिळवायचे, आला १७७०-७१. तर या कागदावर "इहिदे" स्वच्छ, मग कसरीनं खाल्लेलं हरभऱ्याएवढं भोक, भोकाच्या काठावर स ची शेपटी, आणि पुढं "ैन मया व अलफ". मी एका दमात सबैन वाचलं, सबैन लिहिलं, १७७०-७१ करून टाकलं, आणि दुपारी जेवायला गेलो.

संध्याकाळी गुरुजींना दाखवलं. आता ते नाहीत. त्यांनी माझ्या लिप्यंतराकडं बघितलंसुद्धा नाही, मूळ कागद खिडकीला धरला आणि भोकातनं माझ्याकडं बघितलं, खरंच, एक डोळा त्या भोकाला लावून. म्हणाले, "सबैनमधे स आहे. सितैनमधे नाही का? खमसैनमधे? तिसैनमधे?" मी गप्प. खमसैन धरलं तर १७५०-५१. तिसैन धरलं तर १७९०-९१. एका भोकात चाळीस वर्षं बसली होती आणि मी त्यातनं मला आवडलेलं एक उचललं होतं, कारण त्या आठवड्यात मी सबैनवाले दोन कागद वाचले होते, म्हणून हातात तेच आलं. त्यांनी शब्द खोडला आणि तिथं तीन टिंबं दिली. "दिसलं ते लिहायचं. नाही दिसलं तिथं टिंबं. टिंब द्यायची लाज वाटत असंल तर हा धंदा करू नको." कागद तसाच गेला, टिंबांसकट, आणि पार्टी जाम भडकली, की पैसे पुरे घेता आणि टिंबं कसली देता.

त्यांचं पण चुकलं नाही म्हणा, गिऱ्हाईक आहे.

पण बघ, शिकाऊ टिंब देत नाही कारण त्याला कळतच नाही की आपल्याला कळलेलं नाही. तो भोकातबी अक्षर वाचतो. आचार्याला टिंब बऱ्याच वेळा लागत नाही, त्यानं तो हात, तो काळ, ती मंडळी इतकी वाचलेली असतात की बाजूच्या तीन ओळींवरनं तो साल काढतो. टिंब हे मधल्याचंच. आणि ते लिहायला दम लागतो, कारण समोर पैसे देणारा बसलेला असतो, किंवा तुझ्या खेळात ड्रॅगन बसलेला असतो. आइसलँडच्या जुन्या कथांमधे याच जातीचा एक किस्सा आहे. एका पोरानं मुलीनं आपल्यावर प्रेम करावं म्हणून देवमाशाच्या हाडावर रून, म्हंजे तिकडची जुनी अक्षरं, कोरले, अर्धवट शिकलेला होता, मुलगी अंथरुणाला खिळली. मग जाणत्या माणसानं येऊन ते रून तासून काढले, हाड जाळलं आणि दुसरे कोरून तिच्या उशाखाली ठेवले, तेव्हा ती उठली. मला त्यात जाणत्यापेक्षा तो पोरगा जास्त आठवतो. काहीच येत नसतं तर मुलगी आजारी पडली नसती.

खेळात हे कसं आणायचं तर सोपंय. चिन्ह वाचताना तुटलेली जागा आली की मधल्या दर्जाच्या प्लेअरला दोन रस्ते. अंदाज करायचा, मग फासा तू टाक, पडद्याआड, डीसी तुला वाटेल तो, आणि निकाल काहीबी लागो, सरळ तोंडानं एक शब्द सांग. बरोबर लागला तर बरोबर, चुकला तर चुकीचा, पण सांगायचा त्याच आवाजात. नाहीतर त्यानं टिंब द्यायचं. टिंब दिलं की उरलेल्या चिन्हाबद्दल तू जे सांगशील ते शंभर टक्के खरं असलं पाहिजे, हा तुझ्याकडनं शब्द. एवढंच. शिकाऊला टिंबाचा पर्याय ठेवूच नको, त्याचा नेहमी अंदाज.

हा नियम पहिल्यांदा लावला तेव्हाचं सांगतो. शाहूपुरीतल्या एका मित्राच्या वरच्या मजल्यावर खेळायचो, पावसाळा, लाइट गेलेली, मोबाइलच्या टॉर्चवर नकाशा. गडावरचा बंद दरवाजा, वर दगडात चार ओळी, आणि शेवटचा शब्द टाकीच्या घावानं फुटलेला. उरलंय फक्त "_रावे". मी कागदावर तसंच लिहून पुढं सरकवलं. आमच्यातली एक बँकेत नोकरी करते, तिचं पात्र मधल्या दर्जाचं, तिला मोर्तब करायचं होतं. बाकी चौघं सुटले. धरावे असणार, दार धरायचं. नाही नाही, मारावे, आत कुणीतरी आहे. एकजण म्हणला हरावे, म्हंजे आपण हरायचं, कोडं आहे ते. ती नुसती बघत बसली, आणि म्हणली टिंब. चाळीस मिनिटं भांडण, घड्याळ लावून सांगतो. शेवटी मी ठरल्याप्रमाणं बाकीच्या ओळी खऱ्या सांगितल्या, त्यात एका ओळीत "उत्तरेचे टाके" होतं जे अंदाजाच्या भानगडीत कुणी ऐकलंच नसतं. गेले टाक्याकडं. कोरडं ठक्क. मग कुणाच्या तरी डोक्यात पेटलं. भरावे. टाकं भरलं की पाण्याच्या वजनानं दार सुटतं, जादू त्यात नखाएवढी. मारावे धरून आत घुसले असते तर पाचातले तीन मेले असते, माझ्याकडं तसं लिहून ठेवलेलं होतं. तेव्हापासनं आमच्यात कुणी फार खात्रीनं बोललं की बाकीचे "रावे?" एवढंच विचारतात.

नावाचं विचारलंयस. इंग्रजीतनं जर्नीमन आणू नको. सगळ्यांना वाटतं जर्नी म्हंजे प्रवास, मुळात तो फ्रेंच झूर्ने आहे, दिवस, म्हंजे रोजंदारीवरचा माणूस. आपल्याकडं याच्याहून चांगलं आहे. स्मृतींमधे कारागिरांच्या श्रेणीत मिळकत कशी वाटायची ते सांगताना चार पायऱ्या दिल्यात, शिक्षक, अभिज्ञ, कुशल, आचार्य, आणि वाटे अनुक्रमे एक, दोन, तीन, चार. यातला शिक्षक म्हंजे आजचा मास्तर नव्हे, शिकणारा. बघ काय गंमत आहे, त्यांच्या हिशोबात मधे एक नाही दोन दर्जे आहेत. अभिज्ञ, ज्याला ओळख पटलीय, आणि कुशल, ज्याचा हात बसलाय. मी तुझ्या जागी असतो तर मधल्याचं नाव अभिज्ञ ठेवलं असतं. उच्चारायला जड आहे हे मान्य, आमच्यातले "अभ्या" म्हणतात, चालतंय. आणि वाट्यांचं प्रमाण तसंच उचल. खजिना सापडला की दहा भाग कर, आचार्याला चार, शिकाऊला एक. टेबलवर लगेच राजकारण सुरू होतं, तुला काही करावं लागत नाही. आणि श्रेणी म्हंजे नुसती कारागिरांची टोळी नव्हे हेबी ध्यानात ठेव. नाशिकच्या लेण्यातल्या लेखात उषवदातानं, म्हंजे नहपान क्षत्रपाच्या जावयानं, गोवर्धनच्या कोष्ट्यांच्या दोन श्रेणींकडं ३००० कार्षापणं, म्हंजे तेव्हाची नाणी, कायमची ठेवलीत, २००० एकीकडं महिना शेकडा एक व्याजानं, १००० दुसरीकडं शेकडा पाऊण टक्क्यानं, आणि त्या व्याजातनं भिक्षूंचा खर्च. म्हंजे गिल्डच बँक होती. तुझ्या चिन्हवाल्यांकडं गावं आपले करार ठेवायला देतात असं कर, मग मधल्याला रोजचं काम आपोआप मिळतं, ते करार तपासायचं, नक्कल मुळाशी लावून बघायचं.

मधल्यातनं आचार्य कधी व्हायचं? एक्सपीवर, म्हंजे अनुभवाच्या गुणांवर, नको, रटाळ होतं. जर्मनीकडचे सुतार-गवंडी शिकून झाले की अजून काही जण वाल्झवर, म्हंजे काम करत भटकायला, जातात, तीन वर्षं आणि एक दिवस, आणि तेवढ्या काळात स्वतःच्या गावाच्या ५० किलोमीटरच्या आत यायचं नाही. कोल्हापूर धरलं तर पन्हाळा नाही, ज्योतिबा नाही, सांगली जेमतेम काठावर.  हे उचलून अभिज्ञाला लाव, म्हंजे ज्या गावात तो आवरायला जातो तिथं तो नेहमी परका, आणि मायगावचं चिन्ह पेटलं तर? त्याला जाता येत नाही. एकदा तरी वापर हे.

एक चित्र देतो, गिल्डच्या दारावर लावायला. आपल्या जिल्ह्यात देवळाबाहेर वीरगळ बघितले असशील, गावात त्याला शेंदूर फासून कुठला तरी देव करून टाकलेला असतो. खालच्या चौकटीत लढाई, वीर पडतोय. वरच्या चौकटीत तो शिवलिंगापुढं बसून पूजा करतोय, म्हंजे कैलासाला पोचला. त्याच्यावर चंद्रसूर्य. लोक खालचं आणि वरचं बघतात. मधल्या चौकटीत अप्सरा त्याला घेऊन चालल्यात, पाय जमिनीवर नाहीत आणि अजून कुठं टेकलेबी नाहीत. मूर्तिकारानं बहुतेक वेळा तिथंच जास्त जीव ओतलेला असतो असं माझं मत आहे, त्या अप्सरांचे हात बघ कधी. अभिज्ञाची निशाणी म्हणून ती मधली चौकट एकटी काढून घे.

चिन्हं किती ठेवू हे तू जाता जाता विचारलंयस, तर जाता जाताच सांगतो, वीसच्या आसपास. जुने रून २४ होते, पुढं तेच १६ वर आले, भाषेतले आवाज वाढले तरी अक्षरं कमी झाली, आणि लोकांचं चाललं. तुझ्या प्लेअरना सोळाबी पाठ होणार नाहीत. तयार संच पाहिजे तर कोल्हापुरी साज घे. साधारण २१ पानं मानतात, दहा अवतारांची, आठ अष्टमंगलाची, माणिक, पाचू आणि एक ताईत. मासा, कासव, शंख, सगळं आयतं. आईला विचार, ती सोनाराकडं घेऊन जाईल आणि वर तुझ्याकडनं साज काढून घेईल.

हँडआउटसाठी, म्हंजे प्लेअरच्या हातात द्यायच्या कागदासाठी, मोडीच वापर असं माझं म्हणणं. २०१४ पासनं मोडी युनिकोडमधे आहे, नोटो सान्स मोडी फॉन्ट फुकट मिळतो. फक्त छापलेली मोडी फार शहाण्यासारखी दिसते. खरी मोडी लिहिणारा आधी पानभर आडवी रेघ मारून घेतो आणि मग बोरू न उचलता अक्षरं तिला टांगत सुटतो, शब्द सुटे नाहीत, विराम नाही, ऱ्हस्वदीर्घाची फिकीर नाही. त्यामुळं जमलं तर हातानं लिही, चार ओळी पुरे. चहात बुडवून कागद जुना करायच्या फंदात पडू नको, सगळे तेच करतात आणि वास येतो. उदबत्तीनं एक भोक पाड, नेमकं महत्त्वाच्या अक्षरावर.

राहिला पोशाख. झग्याचे रंग वगैरे नको रे, निळा झगा हिरवा झगा कुणाच्या लक्षात राहत नाही. बोरू वापर. शिकाऊच्या कानावर बोरू असतो पण तो त्याला दुसऱ्यानं तासून दिलेला, कारण त्याला अजून टोकाचा काट जमत नाही. आचार्याचा बोरू त्याची पोरं तासून ठेवतात. स्वतःचा बोरू स्वतः तासतो, शिवाय बाकी दोघांचाबी तासून देतो तो अभिज्ञ, म्हणून अख्ख्या गिल्डमधे कमरेला चाकू फक्त त्याच्या. तुझ्या प्लेअरनी कुठल्याबी गावात गिल्डच्या दारात पाय टाकला की पहिलं कमरेकडं बघायचं, कुणाशी बोलायचं ते लगेच कळतं. आणि १d४, म्हंजे चार बाजूंच्या एका फाशाएवढं, डॅमेज आहेच, अंधारात कधी लागला तर.